लोअर आर्मचे झिजलेले बुश: निदानापासून शेवटच्या टॉर्कपर्यंत

सस्पेन्शनमधल्या बुशची रचना वरवर पाहता अगदी साधी असते. बाहेर धातूची एक नळी, आत बोल्ट जाण्यासाठी दुसरी नळी आणि या दोहोंच्या मध्ये, दोन्हींना पक्के चिकटवलेले रबर. चाक खड्ड्यात उतरते किंवा उंचवट्यावर चढते तेव्हा लोअर आर्म, म्हणजे चाकाला गाडीच्या सांगाड्याशी जोडणारा खालचा दांडा, वरखाली होतो. आतली नळी बोल्टने सबफ्रेमला, म्हणजे गाडीखालच्या मजबूत चौकटीला, करकचून आवळलेली असल्यामुळे ती फिरत नाही, आणि बाहेरची नळी आर्ममध्ये दाबून बसवलेली असल्यामुळे ती आर्मबरोबर फिरते. ही सारी हालचाल मधले रबर स्वतः पिळले जाऊन सामावून घेते. धातूवर धातू कुठेच घासत नाही, म्हणून त्याला वंगणही लागत नाही. एवढे नीट ध्यानात घेतले की बुश का फाटतो, फाटलेला कसा ओळखायचा आणि नवा बसवताना शेवटचा बोल्ट गाडीच्या कोणत्या स्थितीत आवळायचा, या तिन्ही प्रश्नांची उत्तरे त्यातूनच मिळतात. यातला तिसरा प्रश्न सर्वांत जास्त दुर्लक्षिला जातो, आणि नवे बुश अकाली फाटण्याचे मोठे कारण तेच असते.

येथे गृहीत धरलेली गाडी म्हणजे पुढच्या चाकांना ताकद मिळणारी, पुढे मॅकफर्सन स्ट्रट (स्प्रिंग आणि शॉक ॲब्सॉर्बर एकत्र असलेला उभा खांब) असलेली कौटुंबिक सेडान. अशा गाडीच्या प्रत्येक लोअर आर्मला सहसा दोन बुश असतात. पुढचा लहान आणि कडक बुश वळणावर येणारा आडवा जोर पेलतो. मागचा बुश मोठा आणि मऊ असतो, त्याच्या रबरात बहुधा मुद्दाम ठेवलेल्या पोकळ्या असतात, आणि ब्रेक लावताना किंवा चाक खड्ड्याच्या कडेवर आदळताना येणारा पुढेमागे जाणारा धक्का तो जिरवतो. त्यामुळे बहुतेक वेळा आधी फाटतो तो मागचाच. याखेरीज स्टॅबिलायझर बारला (वळणावर गाडीचा कल कमी करणाऱ्या आडव्या दांडीला) सबफ्रेमवर धरून ठेवणारे डी आकाराचे बुश असतात, आणि मागच्या ॲक्सलचेही स्वतंत्र बुश असतात.

गाडी काय सांगते

सर्वांत बोलके लक्षण म्हणजे ब्रेकशी बांधलेला आवाज. हळू वेगात ब्रेक दाबताना एकदा आणि सोडताना पुन्हा एकदा खालून ‘टक्’ असा एकेरी ठोका ऐकू आला, तर आर्म पुढेमागे सरकतो आहे असा संशय घ्यावा. याउलट खडबडीत रस्त्यावर अगदी हळू जाताना सतत खडखड होत असेल, पण ब्रेकचा तिच्याशी संबंध नसेल, तर आधी स्टॅबिलायझरच्या टोकाला जोडलेल्या छोट्या लिंक रॉडकडे आणि डी बुशकडे पाहावे. गाडी हलवल्यावर येणारी कोरडी कुरकुर ही कडक झालेल्या रबराची असू शकते, पण केवळ कुरकुरीवरून बुश फाटला असे ठरवता येत नाही.

दुसरे लक्षण दिशेचे. सरळ रस्त्यावर वेग वाढला की स्टिअरिंगला सतत बारीक दुरुस्ती द्यावी लागते, किंवा ब्रेक लावताच गाडी एका बाजूला ओढते आणि ब्रेक सोडला की पुन्हा सरळ होते. अलाइनमेंट करून आणली तरी काही दिवसांत गाडी पूर्ववत वागू लागते, कारण यंत्रावर स्थिर उभ्या गाडीत मापे बरोबर येतात आणि चालत्या गाडीत फाटलेला बुश ती मोडतो. टायरची आतली कड लवकर झिजणे हाही याच साखळीचा भाग आहे. ब्रेक लावताना स्टिअरिंगमध्ये जाणवणाऱ्या थरथरीचे खापर नेहमी डिस्कवर फुटते आणि पुष्कळदा ते योग्यही असते. परंतु ढिला बुश डिस्कचा किरकोळ दोषही हातापर्यंत मोठा करून पोहोचवतो, म्हणून नव्या डिस्क घेण्याआधी आर्म तपासून पाहणे शहाणपणाचे ठरते.

तपासणी: आधी डोळ्यांनी, मग पहारीने

पहिली पाहणी गाडी चाकांवर उभी असताना, म्हणजे बुशवर नेहमीचा भार असताना करावी. चांगला उजेड देणारी बॅटरी घेऊन स्टिअरिंग एका बाजूला पूर्ण वळवावे म्हणजे चाकामागून आर्म दिसतो. सर्वप्रथम आतली नळी बाहेरच्या नळीच्या तुलनेत कुठे बसली आहे ते पाहावे. ती स्पष्टपणे एका बाजूला झुकली असेल आणि दुसऱ्या चाकाकडचा तसाच बुश मात्र झुकलेला नसेल, तर रबर खचले आहे. त्यानंतर भेगा पाहाव्यात. रबराच्या पृष्ठभागावरच्या केसांसारख्या बारीक रेषा ही वयाची खूण असते, तेवढ्यावरून बुश बदलण्याची घाई करू नये. रबर धातूपासून सुटलेले असणे, भेग आरपार गेलेली असणे, बुशभोवती रबराचा काळा भुगा दिसणे किंवा धातू घासून चकाकलेला असणे ही खरी चिन्हे होत. मात्र मागच्या बुशमधल्या मुद्दाम ठेवलेल्या पोकळ्यांना भेगा समजण्याची चूक सहज होते: पोकळीच्या कडा गुळगुळीत व आकार नियमित असतो, तर फाटलेल्या रबराच्या कडा खरखरीत आणि वेड्यावाकड्या असतात. काही गाड्यांत हा बुश द्रवाने भरलेला असतो. त्याच्याखाली ओलसर काळा ओघळ दिसला की तो निकामी झाला असे समजावे.

इंजिनचे किंवा स्टिअरिंगचे तेल बुशवर ठिबकत असेल तर ती गळती आधी थांबवावी. खनिज तेलात नैसर्गिक रबर फुगते आणि मऊ पडते, त्यामुळे गळती तशीच ठेवून बसवलेला नवा बुशही त्याच वाटेने जाईल.

दुसरी कसोटी मदतनीस घेऊन करायची. सपाट, मोकळ्या जागेत गाडी सुरू करून मदतनीसाने ब्रेक पक्का दाबून धरावा. ऑटोमॅटिक गाडीत त्याने पुढचा गिअर आणि रिव्हर्स आळीपाळीने टाकावा. मॅन्युअल गाडीत पहिल्या गिअरमध्ये आणि मग रिव्हर्समध्ये क्लच जेमतेम धरू लागेपर्यंतच सोडावा. पाहणाऱ्याने गाडीच्या बाजूला, काही अंतरावर उभे राहावे. गाडीच्या पुढे किंवा मागे कोणीही थांबू नये आणि हात चाकाजवळ नेऊ नये. मडगार्डच्या कमानीत चाक किंचित हलणे स्वाभाविक आहे, कारण मागचा बुश त्यासाठीच मऊ ठेवलेला असतो. पण चाक ठोक्यासह ठळकपणे पुढे किंवा मागे सरकले, तर मागच्या बुशविषयी फारशी शंका उरत नाही. ठोका ऐकू आला पण चाक जागचे हलले नाही, तर इंजिन माउंट तपासावेत.

तिसरी कसोटी गाडी उचलून, स्टँडवर ठेवून, पहारीने करायची. पहारीचे टोक सबफ्रेम आणि आर्म यांच्यामध्ये अशा जागी टेकवावे की आर्मच्या बाहेरच्या टोकाच्या गोल सांध्याच्या, म्हणजे बॉल जॉइंटच्या, रबरी टोपीला किंवा ब्रेकच्या नळीला ते लागणार नाही, आणि बुशजवळ आर्म हलकेच उचलून पाहावा. निरोगी बुश दाबाला विरोध करतो, थोडा दबतो आणि दाब काढताच जागेवर येतो. निकामी बुशमध्ये आधी मोकळी फट जाणवते, मग धातू धातूला लागल्याचा ठोका बसतो. फट किती म्हणजे जास्त हे सर्व गाड्यांसाठी एकाच आकड्यात सांगता येणार नाही, म्हणून डावी आणि उजवी बाजू एकमेकींशी ताडून पाहणे हीच सर्वांत विश्वासाची रीत आहे.

चाक हवेत असतानाच बाकीचे संशयितही पाहून घ्यावेत. चाक वर आणि खाली धरून हलवल्यावर खेळ जाणवला तर तो बॉल जॉइंटचा किंवा चाकाच्या बेअरिंगचा असतो. डावीउजवीकडे धरून हलवल्यावर जाणवला तर आधी टाय रॉड (स्टिअरिंगला चाकाशी जोडणारी दांडी) पाहावा. बॉल जॉइंट निघून येण्याइतका ढिला झाला असेल तर ती गाडी रस्त्यावर नेऊच नये.

फक्त बुश की पूर्ण आर्म

हा निर्णय सुटे भाग आणण्याआधी घ्यायचा. आर्म सरळ असेल, गंजाने खाल्लेला नसेल, बॉल जॉइंट घट्ट असेल आणि चांगली प्रेस हाताशी असेल, तर केवळ बुश बदलणे योग्य. बॉल जॉइंटही आर्मइतकाच जुना असेल आणि तो आर्मला कायमचा जोडलेला असेल, तर बुशसह पूर्ण आर्म घेणे मला अधिक शहाणपणाचे वाटते: खोलण्याचे कष्ट तेवढेच असतात, आणि दाबून बसवताना होणाऱ्या चुका टळतात. शिवाय पत्र्याचे घडवलेले आर्म प्रेसखाली नीट आधार न मिळाल्यास वाकतात, आणि वाकलेला आर्म सरळ करून वापरणे धोक्याचे असते. कोणताही पर्याय घेतला तरी काम दोन्ही बाजूंचे एकत्र करावे, नाहीतर एक बाजू घट्ट व दुसरी सैल राहून गाडी ब्रेकखाली ओढतच राहते.

पॉलियुरेथेनच्या बुशची पुष्कळ भलामण केली जाते. ते कडक असतात, टिकाऊ असतात, आणि त्यांत नळी बुशच्या आत फिरते, म्हणून त्यांना ठरावीक ग्रीस लागते. परंतु रस्त्याची थरथर ते केबिनमध्ये जास्त पोहोचवतात. रोज कुटुंबाला घेऊन फिरणाऱ्या गाडीसाठी मूळ प्रतीचे रबरी बुशच घ्यावेत असे माझे ठाम मत आहे.

खोलण्यापूर्वी

गाडी चाकांवर, सपाट जमिनीवर आणि रिकामी उभी असताना एक माप घेणे अत्यावश्यक आहे. चाकाच्या मध्यबिंदूपासून सरळ वर मडगार्डच्या कडेपर्यंतचे उभे अंतर दोन्ही बाजूंना मोजून लिहून ठेवावे. गाडीची नेहमीची उंची सांगणारे हेच माप शेवटी उपयोगी पडणार आहे, आणि गाडी एकदा उचलली की ते घेता येत नाही.

हत्यारांत सॉकेटचा पूर्ण संच, लांब दांड्याचा पाना, टॉर्क (आवळण्याचा पिळाचा जोर) मोजणारा टॉर्क रेंच, बॉल जॉइंट सोडवण्याचा पुलर, पहार, गंज सोडवणारे तेल, तारेचा ब्रश, व्हर्निअर आणि खुणा करण्यासाठी रंगाचा पेन हवा. गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधले टॉर्कचे आकडे आधीच काढून ठेवावेत. एका गाडीचा आकडा दुसरीला लावू नये. कोणते बोल्ट आणि नट एकदाच वापरायचे आहेत तेही त्यातच दिलेले असते. आधी ठरावीक टॉर्क आणि मग ठरावीक अंशांत फिरवून आवळायचे बोल्ट बहुधा ताणले गेलेले असतात, म्हणून ते नवेच घ्यावेत. आतून पकड असलेले लॉक नटही नवेच वापरावेत.

मागच्या चाकांना दोन्ही बाजूंनी पाचर लावावी, हँडब्रेक ओढावा आणि पुढच्या चाकांचे नट गाडी जमिनीवर असतानाच किंचित ढिले करावेत. गाडी उत्पादकाने दाखवलेल्या जागीच जॅक लावावा आणि भार मजबूत स्टँडवर द्यावा. केवळ जॅकवर उचललेल्या गाडीखाली शरीराचा कोणताही भाग नेऊ नये, एका क्षणापुरताही नाही. स्टँड लावल्यावर गाडी हाताने जोरात हलवून पाहावी. ती डुगडुगली तर पुन्हा खाली घेऊन स्टँड नीट लावावेत. पुढची दोन्ही चाके एकदमच उचलावीत, कारण एकच चाक उचलले तर स्टॅबिलायझर बार पिळलेला राहतो आणि लिंक रॉड सोडताना झटका देतो.

मॅकफर्सन रचनेत स्प्रिंग स्ट्रटमध्येच बंदिस्त असल्यामुळे लोअर आर्म काढल्याने ती सुटत नाही. मात्र स्ट्रटच्या वरच्या टोकाचा मधला नट कदापि सोडू नये. ज्या गाड्यांत स्प्रिंग थेट लोअर आर्मवर टेकलेली असते, तिथे येथे दिलेली रीत लागू नाही. दाबलेली स्प्रिंग सुटली तर ती जीवघेणी ठरते, आणि ते काम योग्य साधनांनिशी कार्यशाळेतच व्हावे.

आर्म काढणे

चाक काढून सर्व बोल्टांवर गंज सोडवणारे तेल मारावे आणि ते मुरू द्यावे. तेल ब्रेकच्या डिस्कवर आणि पॅडवर उडू देऊ नये. आर्मवर एबीएसची वायर किंवा हेडलाइटच्या उंचीचा सेन्सर असेल तर तो आधी मोकळा करावा. लिंक रॉड आर्मला जोडलेली असेल तर ती सोडवावी. एखादा बोल्ट मापे बदलण्यासाठी विकेंद्री वॉशरचा असेल तर त्याच्या मूळ स्थितीवर रंगाची खूण करावी.

बॉल जॉइंट दोन प्रकारे बसवलेला असतो. पहिल्या प्रकारात त्याची पिन नकलच्या, म्हणजे चाकाचे बेअरिंग धरणाऱ्या भागाच्या, चिरेत जाते आणि आडवा बोल्ट तिला आवळतो. हा बोल्ट पिनच्या खाचेतून जात असल्यामुळे तो ढिला करून भागत नाही, पूर्ण बाहेर काढावा लागतो. चीर रुंदावण्यासाठी पाचर घालताना हात आखडता ठेवावा. जास्त जोराने नकलला तडा जाऊ शकतो. दुसऱ्या प्रकारात निमुळती पिन नटने ओढलेली असते, आणि तिथे पुलर वापरावा. काट्यासारखे हत्यार ठोकून पिन लवकर सुटते, पण रबरी टोपी फाटते, म्हणून बॉल जॉइंट पुन्हा वापरायचा असेल तर ते टाळावे.

पिन सुटल्यावर नकल मोकळा होतो. तो बाहेरच्या बाजूला ओढला जाऊ नये, नाहीतर ड्राइव्ह शाफ्टचा आतला जोड निघून येऊ शकतो, आणि त्याचा भार ब्रेकच्या नळीवरही पडू नये. नकल तारेने बांधून ठेवणे चांगले. त्यानंतर सबफ्रेमवरचे आर्मचे बोल्ट काढावेत, आणि कोणता बोल्ट कोणत्या दिशेने घातला होता याचे छायाचित्र घेऊन ठेवावे.

बुश काढणे आणि दाबणे

जुना बुश बाहेर काढण्याआधी तीन गोष्टी टिपाव्यात: तो कोणत्या बाजूने घातला आहे, आर्मच्या कडेपासून किती बाहेर किंवा आत आहे, आणि त्याच्या पोकळ्या कोणत्या दिशेला आहेत. आर्मवर पोकळ्यांच्या रेषेत रंगाची खूण करावी. पोकळ्यांची दिशा चुकली तर बुश ज्या दिशेला मऊ हवा त्या दिशेला कडक होतो, आणि हा दोष नंतर बाहेरून लक्षातही येत नाही. काही आर्मच्या मागच्या टोकाला दांडा असतो आणि बुश त्यावर दाबलेला असतो. तिथे बुशचा आर्मशी असलेला कोनही मोजून ठेवावा.

प्रेसवर ठेवताना आर्मच्या बाजूला बुशपेक्षा मोठ्या आतल्या व्यासाची नळी आधाराला द्यावी आणि दुसऱ्या बाजूने बुशच्या बाहेरच्या नळीएवढ्या व्यासाच्या चकतीने दाबावे. बुश हटत नसेल तर रबर कापून काढावे आणि हॅक्सॉचे पाते आतून घालून बाहेरच्या नळीला लांबीच्या दिशेने चीर द्यावी. पाते आर्मच्या धातूला लागण्याआधीच थांबावे. रबर जाळून काढण्याची रीत पुष्कळ ठिकाणी दिसते, पण ती सोडून द्यावी. त्याचा धूर विषारी असतो, आणि ॲल्युमिनियमच्या आर्मची ताकद उष्णतेने घटते.

भोक तारेच्या ब्रशने स्वच्छ करावे आणि कडेला उठलेली बुरी, म्हणजे धातूची धारदार किनार, कानसने साफ करावी. नवा बुश नेहमी त्याच्या बाहेरच्या नळीवर जोर देऊनच दाबावा. आतल्या नळीवर किंवा रबरावर जोर दिला तर रबराचा धातूशी असलेला जोड बसवतानाच सुटतो. बुशच्या बाहेरच्या अंगाला साबणाचे पाणी चालते, पण साधे ग्रीस किंवा इंजिनचे तेल रबराजवळ नेऊ नये. पहिल्या काही मिलिमीटरमध्ये बुश तिरका जातो आहे असे दिसताच थांबावे, बाहेर काढावा आणि पुन्हा सरळ लावावा. तिरका बुश नुसत्या जोराने सरळ होत नाही, तो भोकच खरवडतो. शेवटी आधी टिपलेल्या मापाइतकाच तो आत गेला आहे ना हे व्हर्निअरने ताडून घ्यावे.

पुन्हा जोडणी आणि शेवटचा टॉर्क

आर्म जागेवर धरून सबफ्रेमचे बोल्ट मूळ दिशेने घालावेत, पण ते फक्त नट टेकेपर्यंतच फिरवावेत. बॉल जॉइंटची पिन नकलमध्ये पूर्ण बसवून तिचा बोल्ट किंवा नट मात्र ठरलेल्या टॉर्कवर आवळावा, कारण तिथे पिळणारे रबर नाही. स्प्लिट पिनचा नट असेल आणि टॉर्क पूर्ण झाल्यावर भोके जुळत नसतील, तर नट थोडा आणखी आवळून जुळवावा, मागे फिरवू नये.

आता सुरुवातीला सांगितलेला मुद्दा येतो. गाडी स्टँडवर असताना चाक लोंबकळते आणि आर्म खाली झुकलेला असतो. याच स्थितीत बुशचे बोल्ट आवळले तर आतली नळी त्या कोनात पकडली जाते, आणि गाडी खाली घेताच रबर उभ्या जागीच पिळले जाते. मग प्रत्येक खड्ड्यात ते आणखी पिळते, आणि नवा बुश थोड्याच काळात फाटतो. म्हणून जॅकवर लाकडी ठोकळा ठेवून तो आर्मच्या बाहेरच्या टोकाखाली, बॉल जॉइंटजवळ लावावा आणि सावकाश वर उचलावा. चाकाच्या मध्यापासून (चाक काढलेले असल्यामुळे ते जिथे बसते त्या हबच्या मध्यापासून) मडगार्डच्या कडेपर्यंतचे अंतर आधी लिहिलेल्या मापाइतके झाले की थांबावे. हे करताना गाडी स्टँडवरून किंचितही उचलली जात नाही ना, यावर लक्ष ठेवावे. ती उचलली जाऊ लागली तर हा मार्ग सोडून चाके बसवावीत, गाडी मजबूत रॅम्पवर किंवा खड्ड्यावर चाकांवर उभी करावी, पुढून एकदोनदा दाबून सोडावी आणि मगच बोल्ट आवळावेत. शक्य असेल तिथे मला हाच मार्ग अधिक पसंत आहे, कारण त्यात उंचीचा अंदाज करावाच लागत नाही. सबफ्रेमचे बोल्ट टॉर्क रेंचने आवळल्यावर प्रत्येक बोल्टाच्या डोक्यापासून शेजारच्या धातूपर्यंत रंगाची एक सरळ रेघ ओढून ठेवावी. पॉलियुरेथेनच्या बुशमध्ये नळी मोकळी फिरत असल्यामुळे उंचीची ही अट तितकी कडक राहत नाही.

डी बुश बदलताना त्याच्या चिरेची दिशा पूर्वीसारखीच ठेवावी. त्याला सिलिकॉन ग्रीस लावायचे की तो कोरडाच बसवायचा, हे मॅन्युअलप्रमाणे ठरवावे.

रस्त्यावर आणल्यानंतर

पहिली फेरी हळू वेगात, मोकळ्या रस्त्यावर काढावी, आणि ब्रेक दाबताना व सोडताना ठोका राहिला नाही ना ते ऐकावे. त्यानंतर अलाइनमेंट करून घ्यावी. आर्म पूर्वीच्याच भोकांत बसला असला तरी झिजलेल्या बुशने दिलेली मापे आणि नव्या बुशची मापे सारखी नसतात, आणि टो (वरून पाहता चाके किती आत किंवा बाहेर वळलेली आहेत ते माप) चुकला तर नवे टायरही लवकर झिजतात. स्थैर्य नियंत्रण असलेल्या अनेक गाड्यांत यानंतर स्टिअरिंगच्या कोनाचा सेन्सर पुन्हा शून्यावर आणावा लागतो.

सुमारे १०० किलोमीटर झाल्यावर चाकांचे नट टॉर्क रेंचने पुन्हा तपासावेत आणि बॅटरीच्या उजेडात बुशवर एक नजर टाकावी. आतली नळी मध्यभागी असावी आणि बोल्टावरची रंगाची रेघ तुटलेली नसावी. रेघ सरकलेली दिसली, तर तो बोल्ट नुसता पुन्हा आवळून समाधान मानू नये; तो काढून त्याचे आटे आणि बसण्याची जागा तपासावी, नवा बोल्ट घ्यावा आणि गाडी पुन्हा नेहमीच्या उंचीवर ठेवूनच तो आवळावा.